डब्यात चालणारी माणसं

माझ्या लग्नाच्या अल्बमात मी कोपरापुरती आहे. हिरवा चुडा आणि त्याच्यावर थोडा दंड, एवढीच. फोटोच्या मध्यभागी चुलीत फुंकर घालणारी एक बाई आहे. गाल फुगलेले, डोळ्यांत धूर, कपाळाला चिकटलेली एक बट. ती कोण हे मला आजतागायत कळलेलं नाही. पेडण्याला माहेरी विचारलं तर म्हणतात, तुमच्या सासरकडची, साखळी गावची असेल. सासरी विचारलं तर म्हणतात, आमच्यात असली कोणी नाही. बाकीच्या पानांवर वाजंत्र्यांच्या चपला आहेत, डुलकी काढणारे भटजी आहेत, पंगत उठल्यावर पत्रावळींकडे बघणारं कुत्रं आहे. नवरा एका फोटोत सापडतो, तोही पाठमोरा. मुलं लहान असताना अल्बम बघून विचारायची, आई, हे नक्की तुमचंच लग्न का? मी म्हणायची, मलाही तीच शंका आहे.

हे फोटो काढले होते माझ्या धाकट्या दिरांनी. मी त्यांना भावोजी म्हणायची आणि बाजारामागच्या आळीतले लोक फोटूमामा. साखळीच्या बाजारात त्यांचा स्टुडिओ होता, म्हणजे एक काळा पडदा, एक कदेल, म्हणजे खुर्ची, आणि पावसाळ्यात गळणारं छप्पर. नव्या नवरीला दिरावर रागावण्याचा अधिकार पहिली चतुर्थी पार पडल्यावर मिळतो. मला तो मिळाल्याबरोबर मी अल्बमाचा विषय काढला. ते चहा पीत होते. शांतपणे म्हणाले,

“लग्न तुमचें जावपाचेंच आशिल्लें, वयनी. ती बाई मागीर खंय मेळटली?”

लग्न काय, होणारच होतं. ती बाई पुन्हा कुठे भेटणार? आणि ती खरंच पुन्हा भेटली नाही.

भावोजी हे काम कुणाकडे शिकले नव्हते. पहिल्या कॅमेऱ्याबरोबर आलेलं माहितीपुस्तक कुठल्याशा थंड देशाच्या भाषेत होतं. त्यांनी त्यातली चित्रं पाहिली आणि मजकूर आपल्या मनाने रचला. त्यामुळे धंद्याला लागणारी साधी गोष्ट, पासपोर्टला चालणारा चेहरा, त्यांना कधीच जमली नाही. गिऱ्हाईक ताठ बसलं की ते विचारायचे, यंदा फणस धरलाय का? माणूस उत्तर द्यायला तोंड उघडायचा आणि तेवढ्यात खट्. कचेऱ्यांतून फोटो परत यायचे. आखातात निघालेला एक जण दारात उभा राहून तावातावाने म्हणाला होता की ह्या फोटोत मी माझ्या परसात उभा असल्यासारखा दिसतो, मला दुबईवाले कशाला घेतील. भावोजींनी ते शिफारसपत्र समजून घरी येऊन सांगितलं.

मी मूर्ख, मला वाटलं की लग्न केलं की भावोजी सुधारतील. पेडण्याच्या माझ्या मामेबहिणीचं स्थळ मीच काढलं. काजूचे दिवस होते, सगळ्या घराला बोंडूंचा आंबूस वास. पोहे आले, मुलगी आली, बसली. भावोजी मात्र मागीलदारी गेले ते बराच वेळ आलेच नाहीत. माझ्या मामांना वाटलं, पाहुण्यांना बरं वाटत नाही. जाऊन बघतात तर भावोजी उकिडवे बसून, डावा डोळा मिटून, काजू फोडणाऱ्या बायांचे काळवंडलेले हात टिपत होते. मुलीचा फोटो नको का, असं मामांनी खोचकपणे विचारलं. त्यावर ते म्हणाले, ती फारच ताठ बसलीय. तिथपासून मला माहेरी ‘स्थळवाली’ म्हणतात. मामेबहीण पुढे म्हापशाला सुखात नांदली, आणि भेटली की मला अजून त्याबद्दल धन्यवाद देते.

मग सिनेमाचा कॅमेरा आला. जहाजावर काम करणारा एक माणूस गावाकडे परतताना त्यांच्या गळ्यात घालून गेला. वीतभर यंत्र, पिस्तुलासारखी मूठ, आत छोटं रीळ. त्याला आवाज नव्हता, नुसतं चित्र. रीळ भरलं की टपालाने मुंबईला धुवायला जायचं आणि परत यायचं. त्यातली मेख भावोजींनी मला एकदा समजावली होती, तेवढी लक्षात राहिली. साध्या फोटोला निगेटिव्ह असते, हवे तेवढे फोटो काढता येतात. ह्याला निगेटिव्ह नाही. धुऊन येते ती पट्टीच मूळ आणि तीच शेवटची. ती गेली की गेलं.

बाजारामागे, ट्रक उभे राहायचे त्याच्या अंगाला, कौलारू खोल्यांची एक आळी होती. खाणींवर कामाला आलेली माणसं तिथे राहायची, कोल्हापूरकडची, बेळगावकडची, कुडाळ-सावंतवाडीकडची. एक नळ, एक चहाचा गाडा आणि मधोमध उघडं गटार. खनिजाच्या धुळीने सगळं तांबडं, कौलं, कुत्री, वाळत घातलेली लुगडी. आमच्या घरातली माणसं तिकडून जाताना नाकाला पदर लावायची. भावोजी तिथेच राहायचे म्हटलं तरी चालेल. नळावरची भांडणं, केस विंचरणाऱ्या बाया, भाकऱ्या, पत्ते, सुट्टीच्या दिवशी एकमेकांची दाढी करणारे पुरुष, पाव विकणाऱ्या पोदेराच्या सायकलचा भोंगा ऐकून धावणारी पोरं, सगळं त्या वीतभर यंत्रात जायचं.

समोरून येणाऱ्याचं चालणं टिपायचं तर आपण मागे मागे चालायला हवं, हा त्यांचा स्वतःचा शोध. त्यामुळे ते आळीत उलटेच चालायचे. “मामा, मागं गटार!” ही आळीची नेहमीची आरोळी होती. तिथे बोली तीन-चार, पण ह्या एका वाक्यावर सगळ्यांचं एकमत. तरीही ते पडायचे. पडताना कॅमेरा तेवढा वर धरायचे आणि तांबड्या चिखलातून उठून घरी यायचे. मग सासूबाई अंगणातच पाणी ओतायच्या आणि ह्या जन्मात ह्याला बायको मिळायची नाही, हे देवाला पुन्हा एकदा कळवायच्या.

रीळ आलं की ते स्टुडिओतल्या भिंतीवर चालवून बघायचे, मग पत्र्याच्या डब्यात ठेवायचे. दार अर्धवट उघडं असायचं आणि फटीत आळी. आपण ‘मामांच्या डब्यात’ आहोत की नाही हे प्रत्येकाला ठाऊक होतं. आम्हाला सगळं कधी दाखवणार, असं विचारलं की ते म्हणायचे,

“पुराय जांव दियात.”

पुरं होऊ द्या. मग आळीतल्याच मोठ्या भिंतीवर, सगळ्या आळीला समोर बसवून, पहिल्यापासून शेवटपर्यंत. आयुष्यात एवढं एकच त्यांना हवं होतं. मला एकदा म्हणाले होते की आपल्यात माणूस मेला की भिंतीवर लागतो. मला ह्या माणसांना जिवंतपणी भिंतीवर चालवायचं आहे.

ते दिवस गोव्यात राजभाषेच्या वादाचे होते. घराघरात बोलायची कोंकणी, लिहायची मराठी आणि भांडायचं दोन्हीत. आमचे हे शाळेत मराठी शिकवायचे, त्यांचा चुलतभाऊ कोंकणीवाला. एकाच पंगतीत बसून दोघं एकमेकांना वाढू देत नसत. एका बाजूचे लोक भावोजींना मोर्चाचं चित्रण करायला घेऊन गेले. रीळ धुऊन आलं तर त्यात चणेवाला होता, तुटलेल्या चपला होत्या, सावलीत बसून पाव खाणारा पोलीस होता. फलक एकही नाही, पुढारी एकही नाही. दुसऱ्या बाजूच्यांनी येऊन विचारलं की तुमच्या सिनेमात आळीतले लोक कुठली भाषा बोलतात, तेवढं सांगा. भावोजी म्हणाले, आवाज नाही माझ्याकडे, नुसती तोंडं हलतात. स्टुडिओच्या काचेवर दोन्ही बाजूंनी एकेक दगड आला. निःपक्षपाती असल्याचा त्यांना मिळालेला तेवढाच दाखला. पुढे गोव्याचं वेगळं राज्य झालं. फटाके वाजले त्या दिवशीही ते आळीत होते. त्या दिवसाच्या पट्टीत एक म्हातारी फटाक्यांना घाबरून कोंबड्या झाकते आहे.

तर म्हादू.

म्हादू आणि आक्काताई हे कोल्हापूरकडचं जोडपं. तो ट्रक भरायचा, ती आमच्याकडे भांड्यांना यायची. डब्यातला म्हादू नळाकडून तंबाखू मळत येतो, कॅमेऱ्यासमोर थांबतो आणि हात पुढे करतो, घ्या मामा. हातभर पट्टी, म्हणजे दोन-तीन श्वास. पाऊस संपता संपता तो तापाने गेला. दहाव्याला नदीवर पिंड ठेवला, पण कावळा शिवेना. झाडावर बसलेले दिसत होते, उतरत नव्हते. भावाने सांगितलं, पोरीचं लग्न मी करीन. मेहुण्याने सांगितलं, गावचं घर शाकारीन. म्हादूचा जीव कशातच नव्हता. ऊन चढलं. आणि आक्काताई ओल्या लुगड्यानिशी आमच्या पडवीत येऊन उभी राहिली. रडत नव्हती. मला म्हणाली,

“वैनी, माजा मानूस तुमच्या दिरांच्या डब्यात चालतोय अजून. त्यो जाईल कसा?”

आमचे हे तिला प्रकाश आणि रसायनं समजावू लागले. शिक्षक माणूस, सुतकातही फळा शोधायचा. भावोजी उठले. आतून डबा घेऊन आले, जनेलाशी, खिडकीच्या उजेडात उभे राहून पट्टी उजेडाला धरली आणि हात पुढे केला.

“वयनी, तुमची कातर दियात.”

माझी शिवणाची कातर मी कुणाला कागदाला लावू देत नसे. ती दिली. त्यांनी दोन ठिकाणी कापलं, म्हादूला कागदात गुंडाळून आक्काताईच्या हातावर ठेवलं. तिने नदीवर जाऊन तो पाण्यात सोडला. आणि कावळा शिवला.

भूक लागली असेल त्याला, असं आमचे हे म्हणाले. असेलही. पण आळीने ते पाहिलं होतं.

त्यानंतर आळीत माणूस गेला की लाकडांची व्यवस्था आणि डब्यातला तुकडा ह्या दोन गोष्टी बरोबरीने बघितल्या जाऊ लागल्या. कुडाळकडची मंडळी, ज्यांचं कोल्हापूरवाल्यांशी नळावरून कधी पटलं नाही, तीही येऊन अदबीने उभी राहायची. “मामानु, आमच्या आवशीचो तुकडो तेवढो काढून द्या.” आईचा तुकडा भावोजी काढून द्यायचे. मागची-पुढची पट्टी चिकटपट्टीने जोडायचे. पट्टी चालवली की त्या जागी चित्र उडी मारायचं. चहाच्या गाड्याशी तीन माणसं बसलेली, टक्, दोनच. तुमच्या आयुष्याचं काम असं कापून का देता, असं मी एकदा चिडून विचारलं. नाही म्हणायला काय होतं?

“मनीस तांचो, वयनी. म्हजो फकत उजवाड.”

माणूस त्यांचा, माझा फक्त उजेड. असं बोलणाऱ्या माणसाशी भांडताही येत नाही. मी कातर मात्र त्या दिवशी लपवून ठेवली. त्यांनी स्वतःची आणली.

काही दिवस त्यांनी मरणाशी शर्यत लावून पाहिली. एक माणूस कापला गेला की दोघांना टिपायचं. पण रिळं मिळेनाशी झाली, मुंबईला धुणारे ‘आता बंद’ म्हणू लागले, लग्नांतून व्हिडिओवाले दिवे घेऊन फिरू लागले. एका व्हिडिओवाल्याने भावोजींना मदतीला बोलावलं होतं. ते गेले, दिवा हातात धरून उभे राहिले आणि तो सतत आचाऱ्यांकडे वळवत राहिले. पुन्हा बोलावणं आलं नाही.

राज्य झालं तशी साखळीला शहर व्हायची घाई झाली. आळीची जागा मालकाने विकली. तिथे दुकानांची इमारत यायची होती. माणसं गावाकडे नाहीतर दुसऱ्या खाणींवर जायला निघाली. मला वाटलं, आता तरी दाखवा, निघायच्या आधी सगळ्यांना बसवा. भावोजींनाही तेच वाटलं. भिंतही ठरवली, तिच्यावर स्वतः चुना मारला. आणि दुसऱ्या दिवशी सकाळी कुडाळकडचं पहिलं कुटुंब बोचकी घेऊन स्टुडिओच्या दारात आलं. त्यातला कर्ता माणूस संकोचून म्हणाला,

“आमी गावाक चललो, मामानु. आमका हय कित्या ठेवतास?”

इथे कशाला ठेवता, म्हणजे डब्यात. ते जिवंत होते. धडधाकट होते, कडेवर पोर होतं. पण आपण निघून जायचं आणि आपलं चालणं-बोलणं मागे कुणाच्या तरी डब्यात ठेवायचं, हे त्यांना पटत नव्हतं. कावळा कधीतरी त्यांच्याही पिंडाजवळ यायचा होता, आणि तो कुडाळला असेल, साखळीला नाही. तेव्हा कोण धावत येणार? भावोजींनी त्यांना, आज भिंतीवर बघा आणि मग न्या, असं सांगून पाहिलं. बस दुपारची होती. मग दुसरं कुटुंब आलं, तिसरं आलं. बातमी फिरली. पोरांना सांगितलं गेलं की मामांकडून आपलं आपलं घ्यायचं आहे. मी जेवणाचा डबा घेऊन गेले तेव्हा ते खाली मान घालून कापत बसले होते, आणि बाहेर आळी रांगेत उभी होती, नळावर उभी राहायची तशी. पुढे कोण, मागे कोण, ह्यावरून भांडतसुद्धा होती. भावोजींनी एकदा त्या भांडणाकडे मान वर करून पाहिलं. डावा डोळा आपोआप मिटला. मग पुन्हा कातर उचलली.

चुना मारलेली भिंत आठवडाभरात पाडली.

दाखवायचा तो सिनेमा त्यांनी शेवटी आमच्या पडवीत दाखवला. दिवेलागणीनंतर, माझ्या सासऱ्यांच्या जुन्या धोतरावर. प्रेक्षक आम्ही घरचे. तांबडा रस्ता आला. नळ आला, खाली कळशी, भरत चाललेली, टक्, कळशी नाही. दोरीवर लुगडी हलत होती. चहाच्या गाड्यावर वाफ होती. एक दार आतून उघडलं आणि कुणी बाहेर यायच्या आत टक्, बंद. कुत्रं मान वर करून कुणाकडे तरी बघत शेपूट हलवत होतं. बरंच लांबलं ते. ह्यांनी घसा साफ केला. सासूबाईंना मोतीबिंदू होता. त्यांना वाटलं, आपल्यालाच दिसत नाहीये.

“माणसां खंय रे?” त्यांनी विचारलं.

“गेलीं, आई,” भावोजी यंत्रामागून म्हणाले. “सगळीं बरीं गेलीं.”

नंतर त्यांनी कॅमेऱ्याला हात लावला नाही. स्टुडिओ बंद केला. जनेलाशी कदेल टाकून बसायचे. रस्त्याने कुणी गेलं की डावा डोळा मिटायचे आणि तो गेला की उघडायचे. मी सर्वणहून भाजी घेऊन येणाऱ्या बायकांना मुद्दाम जनेलाखालून जायला सांगायची, की निदान भावोजींना काही बघायला मिळावं. त्यांना ते कळलं असावं, कारण एकदा म्हणाले, वयनी, ह्या ताठ चालतात. काही वर्षांनी छातीचं दुखणं झालं आणि ते गेले. भिंतीवर लावायला आमच्याकडे त्यांचा एकही फोटो नव्हता. उभ्या गावाचे फोटो काढणाऱ्याचा फोटो काढायचं कुणाला सुचलं नव्हतं, मलाही नाही.

दहाव्याला कावळा शिवला नाही.

ह्यांनी हात जोडून सांगितलं, तुझा सिनेमा मी दाखवीन. कुठला सिनेमा, कुणाला? त्यांच्या आवाजावरूनच ते खोटं वाटत होतं, कावळ्यालाही वाटलं असावं. चुलतभावाने तेच कोंकणीतून सांगून पाहिलं. भटजींनी घड्याळ बघितलं. तेवढ्यात वाट उतरून आक्काताई आली. ती आता डिचोलीला मुलीकडे असायची, थकली होती. तिने पिंडाकडे पाहिलं, झाडाकडे पाहिलं आणि सरळ माझ्याकडे आली.

“मामांचा तुकडा आनलाय न्हवं, वैनी?”

मी आणला होता. म्हणजे कातर आणि उरलेलं रीळ पिशवीत होतं. आदल्या दिवशी मी सगळी पट्टी जनेलाशी धरून पाहिली होती. भावोजी त्यात कुठेच नव्हते, असणार कसे? पण उन्हं कलताना काढलेल्या भागात, तांबड्या रस्त्यावर, एक लांब सावली होती. कोपर वर, हातात काहीतरी धरलेलं, आणि पाय मागे मागे सरकणारे. ती सगळ्या रस्त्यावर पसरली होती. नळावरून, गाड्यावरून, एकेका उंबऱ्यावरून. ती कापायची तर उरलीसुरली आळी तिच्याबरोबर पाण्यात जात होती. आळी ठेवायची तर भावोजी अडकत होते.

आक्काताईने पट्टी उन्हाला धरली. डोळे बारीक करून बराच वेळ पाहत राहिली.

“ह्यो माजा उंबरा,” ती म्हणाली. मग पट्टी गुंडाळून माझ्या हातात परत दिली. “ऱ्हाऊ द्या. आमाला समद्यास्नी मामांनी वाटंला लावलं. त्यास्नी लावायला कोन उरलंय?”

भटजींनी दर्भाचा कावळा केला, पिंडाला टेकवला. शास्त्रात सोय आहे. आम्ही अंघोळी करून घरी आलो.

तो डबा माझ्या कपाटात आहे, लग्नाच्या शालूखाली. दर पावसाळ्यानंतर उघडते. आमच्याकडची हवा तुम्हाला माहीत आहे; चपला, पुस्तकं, लोणची, कशालाच सोडत नाही. पट्टीवर बुरशी येते. पुसली की तिच्याबरोबर थोडं चित्रही जातं, म्हणून आता पुसतही नाही. यंदा जनेलाशी धरून पाहिलं. आक्काताईचा उंबरा गेला. नळ गेला. सावली गुडघ्यांपर्यंत उरली आहे, वर नुसता पांढुरका डाग. पाय मात्र अजून मागे मागे चालले आहेत, आणि मागे गटार आहे हे ओरडून सांगायला आळीत कोणी नाही.